हातांचा हिमदंश: ओळखायचा कसा, हात वितळवायचा कधी आणि जपायचा कसा

कडाक्याच्या थंडीत बोटं ठणकत असतात, तोवर निदान त्यांच्यात संवेदना शाबूत असते. हा ठणका अचानक थांबला आणि हात गरम झाल्यासारखं मात्र मुळीच वाटत नसेल, तर हातातलं काम खाली ठेवा, आडोसा गाठा आणि हातमोजे काढून बोटं बघा. बहुतेक लोक नेमके इथेच फसतात. दुखणं गेलं म्हणजे हात थंडीला सरावले असं समजून ते आणखी तासभर चालत राहतात, बर्फ उपसत राहतात, फोटो काढत राहतात. दुसरी फसगत नंतर होते. हात गोठल्याचं लक्षात येतं आणि घाबरून तो दिसेल त्या गोष्टीवर शेकला जातो. या दोन्ही वेळी काय करायचं ते आधीच माहीत असेल तर बोटं वाचण्याची शक्यता पुष्कळ वाढते. म्हणून या लेखात सगळ्यात जास्त जागा त्यांनाच दिली आहे.

बोटंच आधी का गोठतात

थंडी वाजायला लागली की शरीर आधी हृदय, मेंदू आणि पोटातले अवयव सांभाळतं आणि त्यासाठी हातापायांचा रक्तपुरवठा आवळतं. बोटांमध्ये ऊब तयार करणारे स्नायू नसतातच. बोटं हलवणारे स्नायू असतात तळहातात आणि कोपराच्या खाली, बोटांपर्यंत येतात त्या फक्त कंडरा, म्हणजे स्नायूंना हाडांशी जोडणाऱ्या चिवट दोऱ्या. त्यामुळे बोटाला ऊब मिळते ती रक्तातूनच, आणि रक्त कमी झालं की बोट भराभर गार पडतं. सुरुवातीला शरीर मधूनमधून रक्तवाहिन्या थोड्या वेळापुरत्या उघडून बोटांना ऊब पोचवतं. अंगच गार पडलं की हेही थांबतं.

कातडीतलं पाणी क्षारयुक्त असल्याने ते शून्याच्या किंचित खाली, उणे अर्ध्या अंशाच्या आसपास गोठतं. बर्फाचे स्फटिक आधी पेशींच्या बाहेर तयार होतात, पेशींमधलं पाणी बाहेर खेचलं जातं आणि पेशी मरायला लागतात. हे झालं पहिलं नुकसान. दुसरं होतं वितळताना. रक्तवाहिन्यांचं आतलं अस्तर दुखावलेलं असतं. रक्त पुन्हा वाहू लागलं की त्यात बारीक गुठळ्या होतात, सूज येते आणि थोड्या वेळापूर्वी लाल झालेलं बोट पुन्हा काळंनिळं पडायला लागतं. उपचारांमधल्या जवळजवळ प्रत्येक सूचनेचं कारण या दुसऱ्या नुकसानात सापडतं.

ओळखायचं कसं

पुस्तकांमध्ये पहिलं लक्षण म्हणून ‘त्वचा पांढरी पडते’ असं लिहिलेलं असतं. गोऱ्या कातडीवर ते चटकन दिसतं. सावळ्या आणि काळ्या कातडीवर मात्र तो पांढरेपणा राखाडी किंवा पिवळसर छटेचा असतो आणि कमी उजेडात सहज नजरेतून सुटतो. अशा वेळी बोटांच्या मागच्या बाजूवर विसंबू नका. हात उलटा करून बोटांची टोकं, तळहाताची बाजू आणि नखांखालचा भाग बघा आणि दोन्ही हातांची बोटं शेजारी शेजारी धरून ताडून पाहा.

रंगापेक्षा भरवशाच्या तीन चाचण्या आहेत. अंगठ्याने त्याच हाताच्या करंगळीचं टोक शिवून बघा. जमत नसेल तर हात धोकादायक इतका गार पडला आहे. नख दाबून सोडा. दोनेक सेकंदांत गुलाबी रंग परतला नाही तर रक्त नीट पोचत नाहीये. तिसरी चाचणी, डोळे मिटून सोबत्याला एकेका बोटाच्या टोकाला हलकेच हात लावायला सांगा आणि कोणतं बोट ते ओळखा. कुठलं बोट बधिर झालंय ते यात लगेच कळतं.

यातून तीनपैकी एक चित्र समोर येतं.

सगळ्यात सौम्य अवस्थेत कातडी फिकट, गार आणि बधिर असते, पण दाबल्यावर मऊ लागते. अजून काहीही गोठलेलं नसतं. ऊब दिली की मुंग्या येतात, झोंबतं आणि अर्ध्या तासाच्या आत सगळं पूर्ववत होतं. कायमचं नुकसान होत नाही. पण ही शेवटची सूचना समजून त्या दिवसापुरतं थंडीतलं काम थांबवावं.

वरवरच्या हिमदंशात कातडी मेणासारखी दिसते आणि वरचा थर कडक लागतो, पण खालचं मांस अजून दबतं. वितळल्यावर बोट लाल होऊन सुजतं आणि साधारण एका दिवसात स्वच्छ पाण्याने भरलेले फोड येतात.

खोल हिमदंशात बोट आतपर्यंत कडक झालेलं असतं. कातडी खालच्या भागावर सरकत नाही, सांधा वाकत नाही आणि टोचलं तरी कळत नाही. वितळल्यावर रक्ताळलेले फोड येतात किंवा फोड न येता बोट निळसर-राखाडी आणि गारच राहतं. हे वाईट लक्षण. काही आठवड्यांत असा भाग काळा पडून सुकतो.

गोठलेल्या अवस्थेत वरवरचा हिमदंश कोणता आणि खोल कोणता हे अनुभवी डॉक्टरांनाही खात्रीने सांगता येत नाही. ते वितळल्यानंतर आणि पुढच्या दिवसांत कळतं. म्हणून बाहेर असताना तो निवाडा करण्यात वेळ घालवू नका. अर्ध्या तासाच्या उबेने हात पूर्ववत झाला नाही, की तो हिमदंश धरून चाला.

उघड्यावर असताना

१. वाऱ्यापासून आडोसा गाठा. हातमोजे ओले असतील तर काढा आणि कोरडे घाला.

२. अंगठ्या, कडं, बांगड्या, घड्याळ लगेच काढा. वितळल्यावर बोट इतकं सुजतं की अंगठी रक्त अडवते आणि मग ती कापावी लागते.

३. माणूस थरथरतोय, बोलताना जीभ जड झाली आहे, पाय अडखळताहेत, साध्या प्रश्नाचं उत्तर द्यायला वेळ लागतोय, असं असेल तर त्याचं सगळं अंगच गार पडलं आहे. आधी ते बघा. जीव बोटांच्या आधी. कोरडे कपडे, वारा अडवणारं पांघरूण आणि शुद्ध नीट असेल तर गरम, गोड पेय द्या.

४. हात स्वतःच्या काखेत किंवा सोबत्याच्या पोटावर, थेट कातडीला लावून धरा. बर्फात उघड्यावर हे करायला संकोच वाटतो. तो बाजूला ठेवा.

५. बोटं अजून मऊ असतील तर हात खांद्यापासून गोल, जोरात फिरवा. त्या झोताने रक्त बोटांच्या टोकापर्यंत ढकललं जातं. बोटं कडक झाली असतील तर हे करू नका.

६. दहा-पंधरा मिनिटांत संवेदना परत आली नाही तर बेत बदला आणि मुक्कामाकडे किंवा दवाखान्याकडे निघा.

चोळू नका. हाताने नको, बर्फाने तर अजिबात नको. गोठलेल्या कातडीत स्फटिक असतात आणि चोळण्याने मांस आतून फाटतं.

बर्फ चोळण्याचा सल्ला आला कुठून, हे सांगायला हवं, कारण तो अजूनही ऐकू येतो. १८१२ साली नेपोलियनचं सैन्य रशियातून माघारी फिरलं, तेव्हा त्याच्या सैन्यातले शल्यवैद्य दोमिनिक लारे यांनी पाहिलं की सैनिक रात्री शेकोटीवर हात वितळवतात, दिवसा पुन्हा गोठवतात आणि त्यांचे हातपाय सडतात. शेकोटी घातक आणि पुन्हा गोठणं त्याहून घातक, हे त्यांचं निरीक्षण बरोबर होतं. त्यावर त्यांनी सुचवलेला उपाय, म्हणजे बर्फ चोळून सावकाश ऊब देणं, हा मात्र चुकीचा होता. तरी तो जवळजवळ दीडशे वर्षं टिकला. १९६० च्या सुमारास अलास्कात डॉ. विल्यम मिल्स यांनी कोमट पाण्यात झटपट वितळवण्याचे चांगले परिणाम दाखवून दिले, तेव्हा कुठे पद्धत बदलली.

वितळवायचा की नाही: सगळ्यात महत्त्वाचा निर्णय

एकदा गोठून वितळलेला हात पुन्हा गोठला तर नुकसान पहिल्यापेक्षा कितीतरी जास्त होतं. म्हणून पाणी तापवण्याआधी स्वतःला एकच प्रश्न विचारा: इथून दवाखान्यात पोचेपर्यंत हा हात सतत उबेत राहील, याची मला खात्री आहे का?

खात्री असेल तर वितळवा. नसेल तर मुद्दाम वितळवू नका. हात कोरडा ठेवा, बोटांमध्ये सैल, मऊ कापड ठेवून वर ऐसपैस हातमोजा चढवा, त्या हाताने काही धरू नका, ओढू नका आणि सुरक्षित जागी पोचा. वाटेत चालण्याच्या उबेने हात आपोआप वितळायला लागला तर वितळू द्या. गोठलेलाच राहावा म्हणून उघडा ठेवू नका. फक्त तो पुन्हा गोठणार नाही हे बघा. दोनेक तासांत दवाखाना गाठता येणार असेल तर माझं मत असं की, वितळवण्याचं काम तिथेच होऊ द्यावं. तिथे वेदनाशामक असतं आणि पुढची औषधंही.

पाण्यात हात वितळवण्याची पद्धत

हात भांड्याच्या तळाला किंवा कडांना न टेकता आरामात बुडेल एवढं मोठं भांडं घ्या. पाणी ३७ ते ३९ अंश सेल्सिअस हवं. तापमापक नसेल तर ज्याच्या हाताला काही झालेलं नाही अशा माणसाने स्वतःचा हात पाण्यात किमान ३० सेकंद ठेवून बघावं. पाणी सुखद कोमट वाटलं पाहिजे. ज्याचा हात गोठलाय त्याने हा अंदाज घ्यायचा नाही. त्याला चटका कळतच नाही, आणि याच कारणासाठी शेकोटी, हीटर, स्टोव्ह, गरम पाण्याची पिशवी, हेअर ड्रायर हे सगळं वर्ज्य. बधिर हात भाजून फोड आले तरी त्या माणसाला पत्ता लागत नाही.

हात बुडवण्याआधी वेदनाशामक द्या, कारण वितळताना होणाऱ्या वेदना भयंकर असतात. प्रौढ माणसाला चालत असेल तर आयबुप्रोफेन ४०० मिलिग्रॅम, दिवसातून दोनदा, पोटात काही अन्न गेल्यावर. ते दुखणं कमी करतंच, शिवाय वितळल्यानंतर रक्तवाहिन्या आवळणारी आणि गुठळ्या वाढवणारी जी रसायनं तयार होतात त्यांनाही आवर घालतं. पोटात अल्सर, मूत्रपिंडाचा आजार, गरोदरपण, रक्त पातळ करणारी औषधं, अशा वेदनाशामकांनी दमा उसळण्याचा इतिहास किंवा त्यांची अ‍ॅलर्जी असेल तर ते देऊ नका. लहान मुलांना डॉक्टरांना विचारल्याशिवाय देऊ नका.

गोठलेला हात पाण्यात गेला की पाणी वाटतं त्यापेक्षा लवकर गार होतं. दर दोन-तीन मिनिटांनी तापमान बघा. गरम पाणी मिसळायचं तर हात आधी बाहेर काढा, पाणी ओता, ढवळा, पुन्हा मोजा आणि मगच हात आत घाला. मधूनमधून पाणी हलकेच हलवत राहा. रुग्णाने बोटं स्वतःहून हळूहळू हलवली तर चालेल, दुसऱ्याने वाकवायची नाहीत.

साधारण १५ ते ३० मिनिटं लागतात, खोलवर गोठलं असेल तर जास्तही. पण घड्याळापेक्षा बोटांकडे बघा. आधी मनगटाच्या बाजूने रंग भरायला लागतो आणि तो टोकाकडे सरकतो. बोटांची टोकं लालसर किंवा जांभळट झाली आणि कातडी मऊ पडली की काम झालं. बहुतेक जण याच्या आधीच, ठणका असह्य होतो म्हणून हात बाहेर काढतात आणि आतलं मांस अर्धवट गोठलेलं राहतं. रुग्णाला आधीच सांगून ठेवा की दुखणार आहे आणि दुखणं इथे चांगलं लक्षण आहे.

वितळल्यावर हात हवेत सुकू द्या किंवा मऊ कापडाने टिपून घ्या, पुसू नका. कोरफडीचा गर किंवा जेल मिळालं तर हलकेच लावा. बोटांच्या मध्ये निर्जंतुक कोरडी पट्टी ठेवून वरून सैल बँडेज बांधा आणि हात छातीच्या वर उचलून ठेवा. फोड फोडू नका. धूम्रपान बंद, कारण निकोटीन नेमक्या त्याच रक्तवाहिन्या आवळतं. दारूही नको. दारूने अंग गरम झाल्यासारखं वाटतं, पण कातडीकडे रक्त जाऊन शरीराची ऊब बाहेर पडते आणि विचारशक्तीही मंदावते.

दवाखान्यात जाताना वेळ लिहून न्या

सौम्य अवस्थेपलीकडचा प्रत्येक हिमदंश त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. जाताना दोन वेळा कागदावर लिहून न्या: हात किती वाजता बधिर झाला आणि किती वाजता पूर्ण वितळला. यातली दुसरी वेळ फार मोलाची आहे. खोल हिमदंशात गुठळ्या विरघळवणारं औषध वितळल्यापासून २४ तासांच्या आत दिलं तरच त्याचा फायदा धरता येतो. इलोप्रॉस्ट हे रक्तवाहिन्या रुंदावणारं औषध शिरेतून देतात. तेही जितकं लवकर तितकं चांगलं. साधारण ७२ तासांपर्यंत त्याचा विचार होतो. बोटं कापावी लागण्याचा धोका कमी करणारं औषध म्हणून अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने फेब्रुवारी २०२४ मध्ये त्याला प्रौढांमधल्या गंभीर हिमदंशासाठी मान्यता दिली. ही औषधं प्रत्येक दवाखान्यात नसतात आणि प्रत्येक रुग्णाला चालतही नाहीत. त्यामुळे जवळच्या डॉक्टरांना पहिल्याच भेटीत स्पष्ट विचारा, मोठ्या रुग्णालयात हलवायचं का? ‘दोन दिवस बघू’ म्हणण्यात ही संधी निघून जाते. धनुर्वाताचं इंजेक्शन कधी घेतलं होतं तेही सांगा.

बोटं काळी पडली म्हणून लगेच शस्त्रक्रियेची घाई करू नये. जंतुसंसर्ग पसरत नसेल तर मेलेला आणि जिवंत भाग यांच्यातली सीमा ठरायला एक ते तीन महिने लागतात आणि वरून काळं दिसणारं बोट आतून बऱ्यापैकी वाचलेलं असू शकतं. हा काळ घरच्यांना फार जड जातो. तरी थांबावं. ताप आला, पू झाला, दुर्गंधी सुटली किंवा लाली मनगटाकडे चढायला लागली, तर मात्र वाट न बघता गाठायचं रुग्णालय.

बरं झालेला हातही पूर्वीसारखा राहतो असं नाही. थोड्या थंडीतही बोटं दुखणं, मुंग्या, जास्त घाम, सांध्यांचा ताठरपणा हे वर्षानुवर्षं राहू शकतं. लहान मुलांमध्ये हाडांची वाढीची टोकं दुखावली तर बोट आखूड किंवा वाकडं वाढतं, आणि ते लक्षात येतं काही वर्षांनी. म्हणून मुलाचं बोट बरं दिसलं तरी तपासण्या सोडू नका.

मुळात होऊच नये म्हणून

हवा शून्याच्या वर असेल तर नुसत्या वाऱ्याने कातडी गोठत नाही. शून्याच्या खाली मात्र वारा सगळं गणित बदलतो. वाऱ्यासकट जाणवणारं तापमान उणे २८ च्या खाली गेलं की उघडी कातडी १० ते ३० मिनिटांत गोठू शकते. उणे ४० च्या खाली ५ ते १० मिनिटांत. हवामानाचा अंदाज बघताना तापमानासोबत ‘जाणवणारं तापमान’ बघायची सवय लावा.

हातमोजे तीन थरांत घाला. आत कातडीला लागून पातळ, घाम शोषून बाहेर टाकणारे, मध्ये लोकरीचे किंवा तशाच उबदार कापडाचे आणि बाहेर वारा-पाणी अडवणारं कवच. प्रत्येक बोटाला वेगळं घर असलेल्या हातमोज्यापेक्षा चारही बोटं एकत्र राहतात तो मिटन जास्त उबदार. तिन्ही थर चढवल्यावर मूठ सहज उघडता-मिटता आली पाहिजे. घट्ट हातमोजा कितीही जाड असला तरी रक्त अडवतो. बोटं गार पडायला लागली तर मिटनच्या आतच मूठ वळा, किंवा पाच बोटांच्या हातमोज्यात बोटं आपापल्या घरांतून मागे ओढून तळहातापाशी घ्या. दोन मिनिटांत फरक जाणवतो.

चेन लावताना, नाडी बांधताना, फोन वापरताना बाहेरचा थर काढावा लागला तरी आतला पातळ थर काढू नका, आणि काढलेला हातमोजा जमिनीवर ठेवू नका. त्याला मनगटात अडकवायची दोरी असावी. ३ जून १९५० रोजी नेपाळमधल्या अन्नपूर्णा शिखरावरून उतरताना फ्रेंच गिर्यारोहक मॉरिस हर्झॉग यांनी पिशवी उघडायला हातमोजे काढले आणि ते उतारावरून घरंगळत गेले. पिशवीत जादा पायमोजे होते, ते हातावर चढवता आले असते. थकव्यात आणि विरळ हवेत ते त्यांना सुचलंच नाही. त्यांनी बहुतेक बोटं गमावली. थंडीने मेंदूही मंदावतो, म्हणून हातमोजा हरवला तर काय घालायचं हे घरून निघतानाच ठरवा आणि जादा जोडी वरच्या खिशात ठेवा.

हात गरम ठेवायचे तर आधी छाती-पोट गरम ठेवा. नुसते जाड हातमोजे आणि अंगात पातळ जाकीट असं केलं तर शरीर हाताकडे रक्त पाठवतच नाही. डोकं, मान आणि मनगटं झाका. मनगटापाशी रक्तवाहिन्या कातडीच्या अगदी जवळ असतात आणि बाही आणि हातमोजा यांच्यातली दोन बोटांची फट पुरेशी ऊब पळवते. पोटभर खा, पाणी पीत राहा. मलम किंवा तेल चोळून हिमदंश टळत नाही; नुसती फसवी ऊब वाटते. हात गरम करणाऱ्या रासायनिक पुड्या उपयोगी आहेत, पण बधिर कातडीला थेट लावू नका. त्यांना तापायला हवा लागते, त्यामुळे बंद कवचात आणि फार उंचावर त्या कमी तापतात.

ज्यांना मधुमेह आहे, थंडीत ज्यांची बोटं पांढरी पडतात, जे रक्तदाबावर किंवा हृदयासाठी बीटा ब्लॉकर गटातली औषधं घेतात, जे धूम्रपान करतात आणि ज्यांना आधी एकदा हिमदंश झाला आहे, त्यांनी बाकीच्यांपेक्षा आधी परत फिरायचं. गटात असाल तर दर १५ मिनिटांनी एकमेकांना अंगठा-करंगळीची चाचणी करायला लावा. ‘बरा आहेस ना?’ असं विचारलं तर उत्तर कायम ‘हो’ असंच येतं.

शून्याखाली धातूला उघडा हात लावू नका. पेट्रोल किंवा स्टोव्हचं इंधन भरताना विशेष जपा. ते गोठत नाही, बाहेरच्या हवेइतकंच थंड असतं आणि हातावर सांडलं की उडून जाताना आणखी ऊब खेचून नेतं, त्यामुळे कातडी काही क्षणांत गोठते. घरबसल्याही हिमदंश होऊ शकतो. कोरडा बर्फ, म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साइड, उणे ७८ अंशांचा असतो, गळत्या गॅस सिलिंडरचा फवारा बोटांवर आला तरी तेच होतं, आणि मुरगळलेल्या हातावर फ्रीजरमधली बर्फाची पिशवी थेट ठेवून झोपी गेलेल्यांना सकाळी फोड आलेले दिसतात. पिशवी आणि कातडी यांच्यात जाड टॉवेल ठेवा आणि १५-२० मिनिटांनी ती काढा.